वाळवी आणि जमिनीवरचा कोळी: पुरावा कुठवर आला आहे

बेळगाव-निपाणी पट्ट्यात वाळवी कोण खाते असे शेतकऱ्याला विचारले, तर तो मुंग्यांचे नाव घेतो, नांगरामागून फिरणाऱ्या बगळ्यांचे आणि साळुंक्यांचे घेतो, परड्यातल्या कोंबड्यांचे घेतो. खानापूरच्या जंगलाकडचा असेल तर अस्वल आणि खवल्या मांजरही सांगतो. कोळ्याचे नाव सहसा कोणी घेत नाही. कोळी म्हटले की जाळे आणि जाळ्यात अडकलेली माशी एवढेच डोळ्यासमोर येते. जाळे न विणता जमिनीवर पळत शिकार करणारे कोळी संख्येने कमी नाहीत, पण ते आपल्या नजरेत भरत नाहीत.

अशा कोळ्यांपैकी काही जाती फक्त वाळवीवर, किंवा मुख्यतः वाळवीवर जगतात, हे गेल्या तीन-साडेतीन दशकांत हळूहळू सिद्ध होत आले. बहुतेक काम आफ्रिकेतले आहे. त्यातल्या एका जातीचे भाईबंद दख्खनच्या पठारावरही आहेत, त्यामुळे ‘आपल्याकडचेही वाळवीच खात असणार’ असा निष्कर्ष काढायचा मोह होतो. तो कितपत रास्त आहे, हा या आढाव्याचा विषय.

आफ्रिकेतला भक्कम पुरावा

यूजीन सिमाँ या फ्रेंच अभ्यासकाने 1893 मध्ये अ‍ॅमॉक्सेनस ही प्रजाती (म्हणजे जीनस; जात हा तिच्याखालचा गट) नोंदवली. दक्षिण आफ्रिका, नामिबिया, बोट्स्वाना या भागांतल्या वालुकामय गवताळ प्रदेशात तिच्या मोजक्या जाती आढळतात. या कोळ्यांचे बिऱ्हाड होडोटर्मिस मोझांबिकस या गवत कापणाऱ्या वाळवीच्या आसऱ्याने असते. वाळवी बिळातून माती बाहेर टाकते, तिचे छोटे ढीग होतात आणि कोळी त्या ढिगांत राहतो. धोका वाटला की डोके खाली करून सुळकन वाळूत शिरतो. त्याच्या जबड्यांवर उकरण्याच्या कामी येणारे ताठ काटे असतात. वाळवीची लगबग थांबली की तोही मातीत, रेशमाचे अस्तर लावलेल्या कप्प्यात पडून राहतो.

हे निरीक्षण जुने. अ‍ॅन्सी डिपेनार-शोमन आणि सहकाऱ्यांनी 1996 मध्ये या कोळ्यांना वाळवीचे खास शिकारी म्हटले, तेव्हा आधार होता तो शेतावरच्या आणि प्रयोगशाळेतल्या निरीक्षणांचा. खरा निकाल लागला 2015 मध्ये. लेन्का पेत्राकोव्हा, स्तानो पेकार, चार्ल्स हद्दाद आदींनी अ‍ॅमॉक्सेनस अँफॅलोडिस या जातीच्या रानातून पकडलेल्या कोळ्यांच्या पोटातल्या डीएनएचे वाचन केले. भक्ष्य म्हणून पुढे आली ती मुख्यतः होडोटर्मिस हीच वाळवी. प्रयोगशाळेत इतर किडे समोर ठेवले तरी कोळ्यांनी जवळपास तेवढीच स्वीकारली. एकाच जातीच्या भक्ष्यावर जगणारा शिकारी प्राणी पहिल्यांदाच पुराव्यानिशी सापडला, असा त्या शोधनिबंधाचा दावा होता.

या निष्कर्षाला वजन आले ते तीन गोष्टी एकत्र आल्यामुळे. रानात कोळी काय खातो हे पोटातून कळले. पर्याय दिला तर काय स्वीकारतो हे प्रयोगातून कळले. शिकारीची पद्धत त्या भक्ष्याला किती जुळलेली आहे हे निरीक्षणातून कळले. पुढचे सगळे दावे मी याच तीन कसोट्यांवर तपासणार आहे.

आफ्रिकेतच आणखी दोन उदाहरणे आहेत. रुडी जोके आणि डिपेनार-शोमन यांनी 1992 मध्ये झोडॅरिडी कुळातल्या डायोरिस प्रजातीच्या दोन नव्या जाती नोंदवल्या. दोन्ही वाळवी खाणाऱ्या, आणि भक्ष्याला जागच्या जागी थोपवण्याची त्यांची तऱ्हाही वेगळी. एकीचे जातिनामच टर्मिटोफेगस, म्हणजे वाळवीभक्षक. मग 1999 मध्ये वांदा वेसोलोव्स्का आणि मेग कमिंग यांनी झिंबाब्वेतून वाळवी खाणारा पहिला उडी मारणारा कोळी वर्णिला. त्याचेही जातिनाम टर्मिटोफेगस. आज तो स्टेनेल्युरिलस या प्रजातीत मोडतो, आणि आपला संबंध येतो तो इथे.

दख्खनवरचे भाईबंद

स्टेनेल्युरिलस ही प्रजाती सिमाँनेच 1886 मध्ये स्थापन केली. आज तिच्यात पन्नासाहून अधिक जाती आहेत, बऱ्याचशा आफ्रिकेतल्या, उरलेल्या आशियातल्या. उडी मारणाऱ्या कोळ्यांच्या सॉल्टिसिडी या सहा हजारांहून अधिक जातींच्या कुळात ही फार लहान शाखा. या कोळ्याला ओळखणे तसे अवघड नाही. आकार सहसा एका सेंटिमीटरच्या आत. डोक्याकडच्या गडद कवचावर मागे जाणारे दोन पांढरे पट्टे, पोटाच्या भागावर ठिपके किंवा नक्षी. झाडाच्या पानावर हा क्वचितच दिसेल. उघडी जमीन, खडे, वाळलेला पालापाचोळा ही त्याची जागा. दोन-चार पावले तुरुतुरु पळायचे, थबकायचे, शरीराचा पुढचा भाग वळवून बघायचे आणि पुन्हा पळायचे, अशी त्याची चाल. समोरचे दोन मोठे डोळे हे त्याचे मुख्य हत्यार, म्हणून शिकार दिवसाउजेडी.

भारतातली ठळक जुनी नोंद एडुआर्ड रायमोझरची, 1934 ची: दक्षिण भारतातून आलेल्या नमुन्यांवरून वर्णिलेली स्टेनेल्युरिलस लेसर्टी. त्यानंतर दीर्घकाळ फारसे काही घडले नाही. पुण्याच्या प्राणिसर्वेक्षण केंद्रात काम केलेल्या बी. के. टिकादर यांनी 1982 च्या फॉना ऑफ इंडियाच्या खंडात नॅफोसिडी कुळाची, म्हणजे जमिनीवरच्या कोळ्यांच्या एका मोठ्या कुळाची, मांडणी केली. आजही कोणी खड्डा-सापळ्यातला, म्हणजे जमिनीत पुरलेल्या भांड्यात पडलेला, कोळी ओळखायला बसला की त्या खंडाची पाने उलटतोच. जमिनीवरच्या उडी मारणाऱ्या कोळ्यांकडे लक्ष वळले ते गेल्या दहा-बारा वर्षांत. चेन्नईतून 2014 मध्ये, केरळातून 2015 मध्ये, पश्चिम भारतातून 2017 मध्ये नव्या जाती आल्या. 2018 मध्ये दिमित्री लोगुनोव्ह आणि गालिना अझार्किना यांनी सगळ्या प्रजातीची व्याख्या नव्याने बांधली. 2022 मध्ये किरण मराठे आणि सहकाऱ्यांनी खास दख्खनच्या पठारावरच्या तीन नव्या जाती प्रसिद्ध केल्या. अलीकडच्या नावांत व्याघ्री, श्वेतमुखी अशी आपल्या कानाला ओळखीची नावे दिसू लागली, हा या कामातला एक सुखद भाग.

हे सगळे काम मुख्यतः वर्गीकरणाचे आहे. नराच्या स्पर्शपादाची रचना, मादीच्या जननेंद्रियाची रचना, रंग, आढळस्थान. त्यात काही गैर नाही. नाव नक्की नसेल तर आहाराची नोंद कोणाच्या खात्यावर घालायची? मात्र आफ्रिकेतल्या एका जातीचा आहार प्रजातीच्या नावाखाली दख्खनच्या जातींना लावून मोकळे होणे हा दोन वेगळ्या प्रकारच्या पुराव्यांचा घोळ आहे. टर्मिटोफेगस वाळवी खातो म्हणून श्वेतमुखीही खाते, असे होत नाही. एकाच प्रजातीतल्या जातींचे आहार वेगळे असू शकतात, आणि कोळ्यांत असे पुष्कळ आढळते.

इथली वाळवी झाकलेली

बेळगाव-निपाणीच्या सीमाभागाचा विचार करताना आधी वाळवी बघावी लागते, कारण प्रश्नाची निम्मी उकल तिथेच आहे. बेळगाव जिल्ह्यात आणि लगत जमिनीचे दोन स्वभाव जवळजवळ नांदतात. पश्चिमेला, चंदगड-खानापूरच्या बाजूला, जांभा आणि लाल माती, पाऊस धो-धो. पूर्वेला गोकाक-अथणीकडे काळी जमीन आणि पावसाची ओढ. निपाणी, चिकोडी आणि तवंदी घाटाच्या आसपासचे माळ या दोन्हींच्या मध्ये. अशा उघड्या, खडकाळ माळावर स्टेनेल्युरिलससारख्या कोळ्याला हवे ते सगळे आहे. वाळवीही मुबलक आहे. ओडोंटोटर्मिसच्या जाती वारुळे उभी करतात, मायक्रोटर्मिस जमिनीखालीच राहून शेताचे नुकसान करते.

पण ती समोर येत नाही. बाभळीच्या किंवा निलगिरीच्या खोडावर ओल्या मातीचा जो खडबडीत पापुद्रा चढलेला असतो, तो नखाने जरा उचकटून पाहावा. आत फिकट, मऊ कामकरी एकामागे एक घाईने चाललेल्या दिसतात. उजेड लागताच त्या आत पळतात, मोठ्या डोक्याचे सैनिक फटीपाशी येऊन उभे राहतात आणि थोड्याच वेळात कडेने मातीची नवी गोळी बसू लागते. डोळ्यांनी शिकार करणाऱ्या कोळ्याला ही वाळवी मिळते ती पापुद्रा फुटल्यावर, वारुळाची डागडुजी चालू असताना, किंवा पंखवाल्या वाळव्या बाहेर पडतात तेव्हा.

आफ्रिकेतली होडोटर्मिस याच्या अगदी उलट. तिच्या कामकऱ्यांना डोळे असतात, अंगाचा रंग गडद असतो आणि त्या उघड्यावर गवत कापतात. अ‍ॅमॉक्सेनसची सारी रचना अशा उघड्या भक्ष्यावर बेतलेली. त्या कुळातली वाळवी भारतातही आहे: अ‍ॅनाकँथोटर्मिसची एक जात वायव्येच्या कोरड्या प्रदेशात आणि एक दक्षिणेत. रूनवाल आणि छोटानी यांच्या वाळवीवरच्या खंडांत त्यांची सविस्तर माहिती मिळते. याखेरीज ट्रायनर्व्हिटर्मिस ही गवत खाणारी वाळवी द्वीपकल्पात आहे. तीही उघड्यावर येते, पण तिचे सैनिक सोंडेसारख्या टोकातून चिकट द्रव फवारतात. हा द्रव मुंग्यांना जड जातो. कोळ्याला किती, हे जातीगणिक पाहावे लागेल.

यावरून एक मत असे मांडता येते की ओडोंटोटर्मिसच्या मुलखात वाळवीवरच जगणारा, डोळस शिकारी कोळी उत्क्रांत होणे अवघड. दुसऱ्या बाजूनेही बोलण्यासारखे आहे. झिंबाब्वेतही झाकून फिरणाऱ्या वाळव्या आहेत, तरी तिथे टर्मिटोफेगस निपजला. शिवाय वारूळ ही तात्पुरती वस्तू नव्हे. ते वर्षानुवर्षे एका जागी असते, त्याची डागडुजी सतत चालू असते आणि त्याच्या आसपास राहणाऱ्याला थोडेथोडे का होईना, पण कायम मिळत राहते. मला ही दुसरी बाजू अधिक विचार करण्याजोगी वाटते. मात्र तिच्या बाजूने निकाल द्यावा इतके बळ तिच्यात अजून नाही.

वाळवीभक्षक म्हणायचे कोणाला

वादाचा गाभा इथे आहे. मृगाच्या पहिल्या दमदार पावसानंतर संध्याकाळी पंखवाल्या वाळव्यांचे थवे निघाले की घरातल्या भिंतीवरच्या कोळ्यापासून बांधावरच्या कोळ्यापर्यंत सगळेच त्यांच्यावर ताव मारतात. पाली, बेडूक, कावळे यांचीही तीच गत. तेव्हा काढलेल्या छायाचित्रात कोळ्याच्या जबड्यात वाळवी दिसते आणि खाली ‘वाळवीभक्षक कोळी’ असे लिहिले जाते. लग्नाच्या पंगतीत जिलेबी खाताना दिसला म्हणून माणूस जिलेबीवर जगतो असे ठरत नाही.

पेकार, कॉडिंग्टन आणि ब्लॅकलेज यांनी 2012 मध्ये कोळ्यांच्या आहाराच्या नोंदींची तुलना करून मर्यादित आहाराची सवय कोळ्यांत वेगवेगळ्या शाखांमध्ये पुन्हापुन्हा कशी आली ते दाखवले. पुढे 2015 मध्ये पेकार आणि सोरेन टॉफ्ट यांनी एक महत्त्वाचा भेद स्पष्ट केला. रानात प्रत्यक्ष थोडेच प्रकार खाणे ही एक गोष्ट, आणि विशिष्ट भक्ष्यासाठी अंगात खास गुण असणे ही दुसरी. एखादा कोळी वाळवीच्या वारुळाजवळ राहतो म्हणून वाळवीच खातो. त्याला दुसरीकडे नेला तर तो दुसरे काही खाईल. याउलट एखाद्याकडे वाळवीला झटपट लुळे करणारे विष आणि नेमकी पकड असते, तरी प्रसंगी तो इतर किडेही घेतो. दोघांनाही एकच बिरुद लावले की गोंधळ होतो.

रानात फिरणाऱ्या निरीक्षकांचा भर अर्थातच पहिल्या बाजूवर असतो. कोळी कुठे राहतो, वर्षभर काय खाताना दिसतो, हे त्यांच्या दृष्टीने निर्णायक. प्रयोगशाळेतल्या डबीत उपाशी ठेवलेला कोळी काहीही खाईल, असे ते म्हणतात आणि त्यात तथ्य आहे. प्रयोगवाले उलट विचारतात की दिसणाऱ्या घटना दिवसाच्या, उघड्यावरच्या आणि मोठ्या भक्ष्याच्या असतात. न दिसलेल्या घटनांचा हिशेब कोण देणार? रेण्वीय पद्धतीचे समर्थक पोटातला डीएनए हा पंच मानतात. तो चांगला पंच आहे, तरी निर्दोष नाही. कोळ्याने वाळवी खाल्लेला दुसरा कोळी खाल्ला असेल, तरी वाळवीचा डीएनए सापडणारच. शिवाय पचन जसे पुढे सरकते तसा पुरावा पुसट होतो. 2015 च्या अ‍ॅमॉक्सेनसच्या कामाचे मोल यासाठी की त्यात एकाच पंचावर भिस्त ठेवलेली नाही.

शेतकऱ्याच्या उपयोगाचा आहे का

सीमाभागात हा प्रश्न कोळ्यावर बोलायला लागताच विचारला जातो, आणि विचारला जाणे साहजिकही आहे. उसाच्या लावणीनंतर बेण्याच्या कापलेल्या टोकांतून वाळवी आत शिरते, डोळे खाते आणि उगवण विरळ होते. भुईमुगाच्या शेंगांची टरफले ती कुरतडते, मिरचीच्या मुळांना लागते. कच्चे शेणखत पडलेल्या रानात त्रास वाढतो, हे कोणालाही ठाऊक आहे. पूर्वी अल्ड्रिनची भुकटी सर्रास वापरली जायची. 1996 मध्ये तिच्यावर बंदी आली. त्यानंतर क्लोरपायरीफॉस, फिप्रोनिल, इमिडाक्लोप्रिड आले. ही औषधे वाळवी आणि कोळी असा भेद करत नाहीत.

जैविक नियंत्रणाच्या बाजूने बोलणारे सांगतात की जमिनीवरचे शिकारी टिकवले तर बाहेर पडणाऱ्या कामकऱ्यांवर वचक बसतो. केवळ खाल्लेल्या किड्यांची संख्या मोजून शिकाऱ्याचा परिणाम कळत नाही, भीतीनेही भक्ष्याचे वागणे बदलते. साशंक मंडळींचा युक्तिवाद सरळ आहे. ओडोंटोटर्मिसच्या वसाहतीत लाखोंची संख्या असते, राणी रोज हजारोंच्या संख्येने अंडी घालते, आणि कोळ्याच्या तोंडी लागतात ते वांझ कामकरी. त्यांच्या भरपाईला वसाहतीला वेळ लागत नाही. तिसरा सूर मृदाशास्त्रज्ञांचा: वाळवीला सरसकट कीड मानणेच चूक आहे. मुरमाड माळावर पाणी जमिनीत मुरवण्याचे, खालची माती वर आणण्याचे आणि वाळलेला कचरा जिरवण्याचे काम तीच करते; पिकाला लागणाऱ्या जाती मोजक्या आहेत.

कोळ्याला शेतकऱ्याचा मित्र म्हणण्याची घाई मला पटत नाही. साशंकांचा आकड्यांचा मुद्दा सध्या तरी वरचढ वाटतो. मात्र नव्या लावणीच्या उसात, जिथे नुकसानीचा काळ थोड्या आठवड्यांचा असतो, तिथे थोडासा वचकही उगवणीत दिसू शकेल. ते पडताळणे अवघड नाही. निपाणीला धारवाडच्या कृषी विद्यापीठाचे संशोधन केंद्र आहे, कोल्हापूरला शिवाजी विद्यापीठ आहे. औषध टाकलेले आणि न टाकलेले वाफे शेजारी ठेवायचे आणि दोन्हींत कोळी, मुंग्या आणि उगवण मोजायची, एवढेच काम. मुंग्या मोजणे विसरून चालणार नाही, कारण वाळवीचा खरा वैरी मुंगी आहे आणि तिच्या कामाचे श्रेय कोळ्याच्या पदरात पडायला वेळ लागत नाही.

कुळाचा घोळ

अ‍ॅमॉक्सेनसला शतकभर स्वतःचे कुळ होते, अ‍ॅमॉक्सेनिडी. 2022 मध्ये जनुकीय आणि शारीरिक पुरावे एकत्र तपासल्यानंतर ते मोडले आणि ही प्रजाती नॅफोसिडीत गेली, म्हणजे टिकादरांच्या खंडातल्या कोळ्यांच्या घरात. नॅफोसिडीत जगभर अडीच हजारांच्या घरात जाती आहेत. त्यामुळे वाळवीचा इतका कडवा शिकारी हा आता आपल्याकडे सर्वत्र आढळणाऱ्या कुळातला एक सदस्य ठरतो. भारतीय नॅफोसिडींकडे या नजरेने बघावे, असे त्यातून सुचते. अ‍ॅमॉक्सेनसचे आणि स्टेनेल्युरिलसचे नाते मात्र दूरचे. दोघांत वाळवी खाण्याची सवय स्वतंत्रपणे आली.

स्टेनेल्युरिलस आफ्रिकेत आणि दख्खनमध्ये कशी पसरली, यावर दोन विचार चर्चेत येतात. एक, भूखंड एकत्र होते तेव्हापासूनचा वारसा. दुसरा, नंतरच्या काळात कोरड्या गवताळ पट्ट्यांतून झालेला प्रसार. उडी मारणाऱ्या कोळ्यांच्या आजच्या शाखा भारत आणि आफ्रिका दुरावल्यानंतरच्या आहेत, असे त्यांच्या वंशवृक्षाच्या कालगणनेवरून दिसते, म्हणून दुसऱ्याचे पारडे जड आहे.

पुढची पाहणी कुठे आणि कशी

कोळी काय खातो हे एका जागी वर्षभर बघायचे तर न मोडणारे वारूळ लागते. शेतातले वारूळ कुदळीखाली जाते. देवळाच्या आवारातले राहते. सौंदत्तीची यल्लमा बेळगाव जिल्ह्यातलीच, आणि रेणुका-यल्लमाच्या उपासनेत वारुळाला मान आहे; रा. चिं. ढेरे यांनी ‘लज्जागौरी’त या पूजेचा सविस्तर मागोवा घेतला आहे. नागपंचमीला वारुळाला लाह्या-दूध वाहणारी गावे तर सगळीकडेच आहेत. अशी राखलेली वारुळे अभ्यासकाला आयतीच मिळतात. त्यांच्या भोवतालचे कोळी ऋतूगणिक मोजता येतील, आणि थव्यांच्या त्या चार संध्याकाळी सोडून उरलेल्या वर्षात कोळी काय खातो हे कळेल. लहान वयातले कोळी काय खातात हा प्रश्नही तिथेच सुटू शकेल, कारण अगदी कोवळ्या पिलाला वाळवीचा कामकरीही मोठाच पडतो.

नमुने गोळा करण्याच्या पद्धतीतली एक अडचण आताच नोंदवायला हवी. जमिनीवरचे कोळी बहुधा खड्डा-सापळ्यात पकडून सत्तर टक्के अल्कोहोलात ठेवतात. शरीररचना पाहायला ते उत्तम, पण पोटातल्या डीएनएसाठी पंच्याण्णव टक्क्यांच्या वरचे अल्कोहोल आणि गारवा लागतो. म्हणून जुन्या बाटल्यांतून आहाराचा पुरावा निघण्याची आशा कमी. दुसरे म्हणजे खड्डा-सापळ्यात पडतात ते जास्त करून मादीच्या शोधात भटकणारे प्रौढ नर, आणि त्या वयातले नर खातात फार थोडे. पोट तपासायचे असेल तर माद्या आणि वाढत्या वयाचे कोळी हाताने, वारुळाजवळून आणि शिकारीच्या वेळी पकडावे लागतील, म्हणजे भर उन्हात.